‘एका ओळीचं काम’ या प्रतिक्रियेला उत्तर: माइनक्राफ्टमध्ये कमांडने मोड बदलताना

नमस्कार. माइनक्राफ्ट या गेममध्ये खेळण्याचा मोड बदलणाऱ्या गेममोड कमांडवर (चॅटमध्ये टाइप करायच्या आदेशावर) मी लिहिलेल्या लेखावर तुम्ही चार आक्षेप घेतले आहेत. एक, एका ओळीच्या कामासाठी लेख उगाच लांबवला, नुसतं ‘/गेममोड १’ टाकलं की झालं. दोन, क्रिएटिव्हमधून (जिथे उडता येतं आणि मार लागत नाही) सर्व्हायव्हलला (जिथे मार लागतो आणि मरता येतं) परत येताच तुम्ही मेलात आणि सामान गेलं. याची सूचना लेखात नव्हती. तीन, फोनवरच्या तुमच्या जगात अचीव्हमेंट (कामगिरीची पदकं) कायमच्या बंद झाल्या. चार, लेखातला आखाड्याचा कमांड ब्लॉक (आपोआप कमांड चालवणारा ठोकळा) लावल्यावर दूर उंचावर बांधकाम करणारा मित्र एकाएकी खाली कोसळला, आणि तुम्ही स्वतः अ‍ॅडव्हेंचरमध्ये, म्हणजे ब्लॉक फोडता न येणाऱ्या मोडमध्ये, अडकलात. पहिला आक्षेप मला अर्धाच मान्य आहे, बाकीचे तीन पूर्ण. चौथ्यात तर चूक सरळसरळ माझ्या लेखातल्या कमांडची आहे.

आधी लिहिण्याच्या पद्धतीबद्दल: इथे कमांड देवनागरीत दिल्या आहेत. टाइप करताना त्यांचं इंग्रजी स्पेलिंग लहान अक्षरांत टाका, अंकही इंग्रजी वापरा. जावा आवृत्तीत ‘क्रिएटिव्ह’चं पहिलं अक्षर मोठं केलं तरी कमांड नाकारली जाते.

‘/गेममोड १’ तुमच्या फोनवर चालतं, कारण तिथे बेडरॉक आवृत्ती आहे. तिच्यात ०, १, २ हे आकडे आणि एस, सी, ए ही आद्याक्षरं अजून चालतात. संगणकावरच्या जावा आवृत्तीत जुलै २०१८ च्या १.१३ पासून आकडे आणि आद्याक्षरं दोन्ही काढून टाकली. तिथे सर्व्हायव्हल, क्रिएटिव्ह, अ‍ॅडव्हेंचर, स्पेक्टेटर हे शब्द पूर्णच लिहावे लागतात. पूर्ण शब्द दोन्हीकडे चालतो, म्हणून लेखात तोच दिला. गंमत अशी की आकडे पूर्णपणे गेलेले नाहीत. जावाच्या प्लेअर डेटा फाइलमध्ये खेळाडूचा मोड अजून ० ते ३ असाच साठवला जातो, आणि ३ म्हणजे स्पेक्टेटर.

आता दुसरा आक्षेप, आणि माझ्या मते हाच सगळ्यांत महत्त्वाचा. गेममोड ही कमांड फक्त एक गोष्ट करते: तुमच्यावर कोणते नियम लागू आहेत ते बदलते. तुम्ही उभे आहात ती जागा, अंगावरचे इफेक्ट, भूक, हृदयं, खिशातलं सामान यांतल्या कशालाही ती हात लावत नाही. त्यामुळे क्रिएटिव्हमध्ये निर्धोक असलेली जागा सर्व्हायव्हलमध्ये त्याच क्षणी जीवघेणी ठरते. तुम्ही हवेत उडत असताना मोड बदललात. उडणं थांबलं आणि पडणं सुरू झालं. पडण्याचा मार म्हणजे पडलेल्या ब्लॉकांतून ३ वजा. पूर्ण १० हृदयं म्हणजे २० गुण, तेव्हा चिलखताचे मंत्र किंवा इफेक्ट नसतील तर २३ ब्लॉकांची उंची पुरते. मेल्यावर सांडलेलं सामान ५ मिनिटांनी नाहीसं होतं. ही ५ मिनिटं तो भाग लोड असतानाच, म्हणजे कोणी खेळाडू जवळ असतानाच, मोजली जातात, म्हणून लांब पुनर्जन्म झाला असेल तर घाबरून पळत सुटू नका. आधी वाट ठरवा, मग निघा.

उपाय साधा आहे. जमिनीवर उतरा, उडणं बंद झालं याची खात्री करा, आणि मगच मोड बदला. उतरायला जागा नसेल तर जावात आधी ‘/इफेक्ट गिव्ह @एस स्लो_फॉलिंग ३०’ द्या, बेडरॉकमध्ये ‘/इफेक्ट @एस स्लो_फॉलिंग ३०’. (‘@एस’ म्हणजे ज्याच्या नावे कमांड चालते तो, इथे तुम्ही स्वतः.) तीस सेकंद हळू उतराल आणि मार लागणार नाही. शेजारी क्रीपर हा स्फोट करणारा राक्षस उभा असेल तर तेही ध्यानात ठेवा: क्रिएटिव्हमध्ये तो तुमच्याकडे पाहत नव्हता, आता पाहील.

स्पेक्टेटरमधून, म्हणजे भिंतींतून आरपार फिरत नुसतं पाहायच्या मोडमधून, परत येणं याहून नाजूक. भिंतीच्या किंवा डोंगराच्या आत असताना सर्व्हायव्हल लावलं तर डोकं दगडात अडकतं आणि गुदमरण्याचा मार सुरू होतो: दर अर्ध्या सेकंदाला अर्धं हृदय, म्हणजे पूर्ण तब्येत जेमतेम १० सेकंद टिकते. चिलखताने तो मार कमी होत नाही. अशा वेळी खणत बसू नका, लगेच पुन्हा स्पेक्टेटर लावा.

जावात यासाठी एक उत्तम सोय आहे, आणि ती लेखात नव्हती याचं मला वाईट वाटतं. निघण्यापूर्वी एफ३ धरून सी एकदा दाबा. तुमची मिती (मुख्य जग की नेदरसारखं वेगळं जग), जागा आणि नजरेची दिशा असलेली आख्खी टेलिपोर्ट कमांड क्लिपबोर्डवर कॉपी होते. मग एफ३ धरून एन दाबा, स्पेक्टेटर होतो. हिंडून झाल्यावर टी दाबून चॅट उघडा, पेस्ट करा, एंटर करा, आणि जागेवर पोहोचल्यावरच पुन्हा एफ३ आणि एन. क्रम उलटा करू नका. चॅट टी नेच उघडा; तिरक्या रेघेच्या कळीने उघडलंत तर रेघ दोनदा येते आणि कमांड फसते. आणि एफ३ व सी धरून ठेवू नका: १० सेकंद दाबून ठेवल्यास गेम मुद्दाम क्रॅश केला जातो, ती चाचणीसाठीची सोय आहे. मोड निवडायचा पट्टा एफ३ धरून एफ४ दाबल्यावर येतो, तो २०२० च्या १.१६ पासून आहे. काही लॅपटॉपवर सोबत एफएन कळही धरावी लागते. या दोन्ही मोड बदलणाऱ्या जोड्यांना कमांडइतकीच परवानगी लागते.

सामानाबद्दल आणखी एक. मोडनुसार वेगळे खिसे नसतात. क्रिएटिव्हमध्ये घेतलेल्या वस्तू सर्व्हायव्हलमध्ये तशाच सोबत येतात, आणि सर्व्हायव्हलमधलं कमावलेलं सामान क्रिएटिव्हमध्ये तितकंच उघड्यावर असतं. जावाच्या क्रिएटिव्ह इन्व्हेंटरीत वस्तू नष्ट करायचा फुलीचा खण आहे; शिफ्ट धरून त्यावर क्लिक केलं की सगळं सामान एका झटक्यात जातं, आणि ते परत आणता येत नाही. म्हणून मोड बदलण्याआधी मौल्यवान वस्तू पेटीत ठेवा. हा सल्ला कंटाळवाणा वाटेल, पण दुसरा भरवशाचा मार्ग मला माहीत नाही.

अचीव्हमेंटचं तुमचं म्हणणं बरोबर आहे. बेडरॉकमध्ये चीट्स (कमांड वापरायची मुभा) एकदा चालू केल्या की त्या जगापुरत्या अचीव्हमेंट बंद होतात, आणि नंतर चीट्स बंद केल्या तरी परत सुरू होत नाहीत. गेम इशारा देतो, पण लेखात तो ठळकपणे यायलाच हवा होता. तुमच्या त्या जगासाठी आता करण्यासारखं काही नाही. पुढच्या वेळी जगाच्या सेटिंगमधून आधी प्रत काढा आणि प्रयोग प्रतीवर करा. जावात अ‍ॅडव्हान्समेंट (तिथल्या अचीव्हमेंट) अशा बंद होत नाहीत. तिथला अडथळा वेगळाच आहे: कमांडची परवानगी नसलेलं जग ‘ओपन टू लॅन’मधून (जग स्थानिक नेटवर्कवर उघडायच्या सोयीतून) परवानगी चालू करून उघडलं, तर ती परवानगी जगातून बाहेर पडेपर्यंतच टिकते, मोड मात्र जतन होतो. क्रिएटिव्हमध्ये असताना गेम बंद केलात तर पुढच्या वेळी तुम्ही क्रिएटिव्हमध्येच उठता आणि परतायला कमांड चालत नाही. पुन्हा लॅन उघडा, परवानगी द्या, सर्व्हायव्हल लावा.

आता आखाडा. लेखात दोन रिपीट (सतत चालणारे) कमांड ब्लॉक होते: एक २० ब्लॉकांच्या आतल्या सगळ्यांना अ‍ॅडव्हेंचर करणारा, दुसरा २१ च्या पलीकडच्या सगळ्यांना सर्व्हायव्हल करणारा. ‘सगळ्यांना’ हीच चूक. रिपीट ब्लॉक सेकंदाला २० वेळा चालतो. दुसऱ्या ब्लॉकने लांबवर क्रिएटिव्हमध्ये उडत बांधणाऱ्या तुमच्या मित्राला सर्व्हायव्हल केलं आणि तो पडला. तुमच्याच मरणासारखं, फक्त कमांड दुसऱ्याने दिलेली. पहिल्या ब्लॉकने तुम्हाला आत पाऊल टाकताच अ‍ॅडव्हेंचर केलं, आणि त्या मोडमध्ये कमांड ब्लॉक फोडता येत नाही. पण अ‍ॅडव्हेंचरमध्ये हात बांधलेले असले तरी ऑपरेटरची (कमांडची परवानगी असलेल्याची) कमांड चालते: ब्लॉकचे निर्देशांक घेऊन ‘/सेटब्लॉक’ आणि शेवटी ‘एअर’ टाका, ब्लॉक जागेवरच नाहीसा होईल.

तिसरा दोष तुम्हाला अजून दिसला नसेल. निवडकर्त्यात (कमांड कोणाला लागू ते ठरवणाऱ्या ‘@’च्या भागात) डिस्टन्स, म्हणजे अंतर, लिहिलं की शोध त्याच मितीपुरता राहतो. आखाड्यातून थेट नेदरमध्ये गेलेला खेळाडू दुसऱ्या ब्लॉकला सापडतच नाही. शिवाय सगळे लांब गेले की तो भाग अनलोड होतो, ब्लॉक थांबतो, आणि शेवटचा माणूस अ‍ॅडव्हेंचरमध्येच राहतो.

जावासाठी दुरुस्त मांडणी अशी. आखाड्याच्या मध्यभागी उभे राहून ‘/समन मार्कर’, मग ‘/टॅग @ई[टाइप=मार्कर,डिस्टन्स=..१] अ‍ॅड आखाडा’, आणि ‘/फोर्सलोड अ‍ॅड ~ ~’. मार्कर ही न दिसणारी खूण, टॅग म्हणजे तिला दिलेलं नाव, आणि फोर्सलोडने तो भाग कायम लोड राहतो. मार्कर १.१७ पासून आहे. त्याआधीच्या आवृत्तीत आर्मर स्टँड ठेवा. दोन्ही कमांड ब्लॉक याच १६ बाय १६ च्या चंकमध्ये बसवा, रिपीट आणि ऑलवेज अ‍ॅक्टिव्ह करून. पहिल्यात:

एक्झिक्यूट अ‍ॅट @ई[टाइप=मार्कर,टॅग=आखाडा] रन गेममोड अ‍ॅडव्हेंचर @ए[गेममोड=सर्व्हायव्हल,डिस्टन्स=..२०]

दुसऱ्यात:

एक्झिक्यूट अ‍ॅज @ए[गेममोड=अ‍ॅडव्हेंचर] अ‍ॅट @एस अनलेस एंटिटी @ई[टाइप=मार्कर,टॅग=आखाडा,डिस्टन्स=..२१] रन गेममोड सर्व्हायव्हल @एस

गेममोडची अट असल्याने क्रिएटिव्हमधल्यांना आता कोणी हात लावत नाही. दुसरी कमांड प्रत्येक खेळाडूच्या जागेवरून मार्कर शोधते. नेदरमध्ये तो सापडत नाही, म्हणून तिथेही सर्व्हायव्हल लागू होतं. शेवटचं ‘@एस’ गाळू नका. कमांड ब्लॉकने थेट दिलेल्या नुसत्या ‘गेममोड सर्व्हायव्हल’ला लक्ष्य नसतं, ब्लॉक खेळाडू नसल्याने ती फसते. जगात अ‍ॅडव्हेंचरचा दुसरा भाग असेल तर तिथल्यांनाही ही कमांड बाहेर काढेल. तसं असेल तर आत येताना खेळाडूला वेगळा टॅग लावा आणि दुसऱ्या ब्लॉकमध्ये तोच तपासा.

तुम्ही जाता जाता विचारलं आहे की मदतनीस मित्राला पूर्ण ऑपरेटर न करता मोड बदलू देता येईल का. जावा सर्व्हरवर येईल. गेममोडला परवानगीची २ री पातळी पुरते, आणि नव्याने ऑपरेटर नेमायला ३ री लागते. सर्व्हर बंद करा, ‘ऑप्स’ फाइलमध्ये त्याच्या नावापुढची ४ ही पातळी २ करा, आणि सुरू करा. पण २ री पातळी मिळाली की वस्तू देणं आणि टेलिपोर्टही त्याच्या हाती येतं. सर्व्हर प्रॉपर्टीजमधलं ‘फोर्स-गेममोड’ ट्रू मात्र करू नका. प्रत्येक जण आत येताना ठरलेल्या मोडवर ढकलला जातो, आदल्या रात्री उंच मनोऱ्यापाशी उडत असताना बाहेर पडलेला मित्रसुद्धा.

मूळ लेखातल्या आखाड्याच्या दोन्ही कमांड आज बदलतो, आणि अचीव्हमेंटचा इशारा पहिल्या परिच्छेदात घेतो.