बिअर मुरवण्याची कला

बिअर ताजी प्यावी, असं ती बनवणारे सांगतात. सांगायला त्यांचं काय जातं? त्यांना पुढची बाटली खपवायची असते. तुम्ही मात्र जाणकार. तुम्ही ती मुरवा.

आधी जागा बघा. फ्रिज नको, खिडकीसमोरचं काचेचं कपाट उत्तम. बाटली शक्यतो हिरवी किंवा पारदर्शक निवडा. तपकिरी काच बिअर बिघडवणारे किरण बरेचसे अडवते आणि कॅन तर प्रकाशाला आतच घेत नाही, म्हणजे दोन्ही आपल्या कामाचे नाहीत. ऊन लागलं की हॉप्समधले, म्हणजे बिअरला कडवटपणा आणि सुगंध देणाऱ्या फुलांमधले, कडू घटक तुटतात आणि त्यातून एक गंधकयुक्त पदार्थ तयार होतो. त्याचा वास स्कंक नावाचा प्राणी शत्रूवर जे फवारतो त्याच्याशी नातं सांगणारा. लिटरमागे काही नॅनोग्रॅम असला तरी नाकाला कळतो. कडक उन्हात काही मिनिटांत काम होतं.

उन्हाची सोय नसेल तर उकाडा आहेच. बिअरवाल्यांचा एक ढोबळ हिशेब आहे: 32 अंशांत 3 दिवस, 22 अंशांत 30 दिवस आणि 3 अंशांत 300 दिवस, तिन्हीकडे बिअर साधारण सारखीच म्हातारी होते. उगाच 300 दिवस कोण थांबणार? मात्र एकदा गार केलेली बिअर बाहेर काढली की लगेच नासते, या अफवेवर विसंबू नका. एकदोनदा गार-गरम होऊन तिचं फारसं काही बिघडत नाही. बिघडवायला चिकाटी लागते.

बाटली वाइनसारखी आडवी ठेवा. वाइनचं बूच ओलं राहावं म्हणून ती आडवी ठेवतात. बिअरला सहसा बूच नसतं, पण रुबाब तर दिसतो! शिवाय बाटलीत अडकलेल्या हवेला बिअरचा जास्त पृष्ठभाग मिळतो आणि ओल्या पुठ्ठ्याची ती खास चव लवकर येते.

हॉप्सच्या सुगंधासाठीच बनवलेली आयपीए नावाची बिअर वर्षभर जपा. दोन-तीन महिन्यांतच तिचा सुगंध उडू लागतो, पण मन घट्ट करा. उलट इम्पीरियल स्टाउट किंवा बार्लीवाइन, म्हणजे ज्या कडक बिअर खरोखरच वर्षानुवर्षं मुरू शकतात, त्या आजच संपवा.

घाई असेल तर फ्रीझरमध्ये टाका आणि विसरून जा. साधी बिअर उणे दोन-तीन अंशांच्या आसपास गोठू लागते, पाणी गोठताना सुमारे 9 टक्के फुगतं, बाकी हिशेब बाटली करेल.

जुन्या बिअरने सहसा तब्येत बिघडत नाही. अल्कोहोल, आम्लता आणि हॉप्स यांच्यापुढे रोगजंतूंचा टिकाव लागत नाही. त्यामुळे पाहुण्यांना बिनदिक्कत द्या. पहिल्या घोटाला कुणी नाक मुरडलंच तर शांतपणे सांगा, "परदेशी आहे." हिरव्या बाटलीतून समुद्र ओलांडून आलेली बिअर बरेचदा अशीच लागते, त्यामुळे त्यांना पटेलही. वर आणखी एक मागतील.