बटण दाबण्यापूर्वी: राजेंद्रनगरच्या होतकरू युद्धमंत्र्यांस काही हिताच्या सूचना

इंदूरच्या राजेंद्रनगरात राहणाऱ्या मराठी माणसाला अणुयुद्धावर बोलण्याचा अधिकार जन्मतःच मिळतो, याबद्दल वाद नको. एका अंगाला कॅट, म्हणजे 2005 पासून ज्याला राजा रामण्णा प्रगत तंत्रज्ञान केंद्र म्हणतात ते. हे रामण्णा म्हणजे 1974 च्या पोखरण चाचणीमागचे शास्त्रज्ञ. दुसऱ्या अंगाला महू, तिथे आर्मी वॉर कॉलेज. आणि मधोमध आपण, हातात उसळ-पोह्यांची प्लेट, वरून जिरावण भुरभुरलेलं. कॅटमध्ये लेझरवर आणि सिंक्रोट्रॉनवर संशोधन चालतं, तिथे बॉम्ब करत नाहीत, असं तिथून निवृत्त झालेले काका घसा कोरडा पडेस्तोवर सांगतात. आपण डोळे मिचकावतो. खरं ते सांगणार थोडेच आहेत!

मे 2025 मध्ये, पाकिस्तानशी संघर्ष पेटला तेव्हा, आपल्या शहरातही ब्लॅकआउटचा सराव झाला. त्या आठवड्यात तुम्ही पोह्याच्या गाडीवरून सरकारला दिलेला सल्ला मला पाठ आहे: "एकदाच टाका आणि विषय मिटवा." सरकारने तो ऐकला नाही याचं तुम्हाला अजून वाईट वाटतं. वाटू देऊ नका. या देशात माणसं कुठून कुठे पोचतात. उद्या तुम्हीही त्या खुर्चीत बसाल. 4 जानेवारी 2003 ला सरकारने जाहीर केलेल्या धोरणानुसार अण्वस्त्र वापरण्याची परवानगी फक्त राजकीय परिषद देऊ शकते आणि तिचे अध्यक्ष असतात पंतप्रधान. म्हणजे तुम्ही. तेव्हा तयारी आतापासूनच हवी. अभ्यासक्रम अवघड नाही. थोरामोठ्यांनी काय केलं ते पाहायचं, आणि त्यांचं जिथे चुकलं, म्हणजे जिथे ते थांबले, तिथे आपण थांबायचं नाही.

माहिती कमी असावी, हे सर्वात महत्त्वाचं. ऑक्टोबर 1962 मध्ये अमेरिकेच्या यू-टू या हेरगिरीच्या विमानाने क्युबातल्या सोव्हिएत क्षेपणास्त्रांचे फोटो आणले, तेव्हा तिथे सोव्हिएत सैनिक दहा हजारांच्या आसपास असावेत असा अमेरिकेचा अंदाज होता. प्रत्यक्षात होते चाळीस हजारांहून जास्त. शिवाय किनाऱ्यावर उतरणाऱ्या फौजेवर डागायची लहान अण्वस्त्रंही त्यांच्यापाशी होती. हे तेव्हाचे अमेरिकी संरक्षणमंत्री मॅकनामारा यांना कळलं 1992 मध्ये, हवानाच्या परिषदेत. तीस वर्षांनी! आणि तरीही 1962 मध्ये सेनाप्रमुख छातीठोकपणे सांगत होते की हल्ला करा. हवाई दलाचे जनरल लमे यांनी तर राष्ट्राध्यक्षांना तोंडावर ऐकवलं की नुसती नाकेबंदी करणं हे म्युनिकच्या, म्हणजे 1938 मध्ये हिटलरपुढे पत्करलेल्या, शरणागतीइतकंच वाईट. अर्धीच माहिती होती म्हणून ते इतकं ठाम बोलू शकले. पुरी असती तर बिचारे अडखळले असते.

राष्ट्राध्यक्ष केनेडींची गफलत झाली ती निराळीच. 16 ऑक्टोबरच्या सकाळी फोटो हाती आले आणि पहिल्या दिवशी, विमानं पाठवून ती ठिकाणं उडवून टाकावीत याकडेच बहुतेकांचा कल होता, खुद्द केनेडींचाही. तिथेच उठायला हवं होतं. पण नाही, समिती बसवली. मग जवळजवळ आठवडाभर गुपचूप चर्चा, एकमेकांचे मुद्दे खोडणं, आणि वर खोलीत लपवलेला टेपरेकॉर्डर, ज्याची बहुतेक सदस्यांना खबरच नव्हती. 22 तारखेला केनेडी टीव्हीवर आले तोवर हवाई हल्ल्याची नाकेबंदी झाली होती. गणेश मंडळाच्या सभेत वाढीव वर्गणी पहिल्या दहा मिनिटांत मंजूर झाली तर झाली. चहा आला की फाटे फुटतात. तुम्ही चहा येऊच देऊ नका. सगळी चर्चा टीव्हीवर थेट करा, पडद्यावर आठ चौकटी, आठ तोंडं आणि मागे सायरन. कुणाला मत बदलावंसं वाटलंच तर ते कोट्यवधी लोकांसमोर बदलावं लागेल, म्हणजे तो बदलणार नाही.

खुर्चीतला माणूस जागा असलाच पाहिजे असंही काही नाही. 24 ऑक्टोबर 1973 च्या रात्री, अरब-इस्रायल युद्ध संपता संपता, सोव्हिएत नेते ब्रेझनेव्ह यांचं खरमरीत पत्र वॉशिंग्टनला आलं. परराष्ट्रमंत्री किसिंजर आणि मंडळींनी व्हाइट हाउसमध्ये बैठक घेतली आणि जगभरच्या अमेरिकी फौजांना, अण्वस्त्रवाल्यांसकट, सज्जतेचा हुकूम सोडला. राष्ट्राध्यक्ष निक्सन वर झोपले होते. त्यांना उठवायचं नाही असं ठरलं. उपराष्ट्राध्यक्षांना उठवावं तर त्यांनी दोनच आठवड्यांपूर्वी राजीनामा दिलेला. तेव्हा तुम्हीही निवांत झोपा; सकाळी मात्र 'रात्रभर परिस्थितीवर माझी बारीक नजर होती' एवढं म्हणायला विसरू नका. याच निक्सननी ऑक्टोबर 1969 मध्ये वेगळा प्रयोग केला होता. हा गडी डोक्याने फिरलेला आहे, काहीही करू शकतो, असं मॉस्कोला वाटावं म्हणून अण्वस्त्रं चढवलेली बी-52 बॉम्बफेकी विमानं उत्तर ध्रुवाच्या दिशेने घिरट्या घालायला पाठवली. व्हिएतनामचं युद्ध काही त्यामुळे थांबलं नाही. ते सोंग होतं, म्हणून असेल. तुम्हाला सोंग आणायची गरज पडणार नाही.

बैठकीचा आणखी एक प्रकार शेजाऱ्यांकडून शिकण्यासारखा आहे. 10 मे 2025 ला पाकिस्तानी लष्कराकडून बातमी आली की पंतप्रधानांनी नॅशनल कमांड अथॉरिटीची, म्हणजे अण्वस्त्रांचा निर्णय घेणाऱ्या मंडळाची, बैठक बोलावली आहे. थोड्या वेळाने त्यांचेच संरक्षणमंत्री म्हणाले की अशी बैठक झालेली नाही आणि ठरलेलीही नाही. न झालेल्या बैठकीचं इतिवृत्त लिहावं लागत नाही, हा फायदा वेगळाच.

निरोप पोचवण्याची व्यवस्था आधी मोडीत काढा. 1962 मध्ये वॉशिंग्टनमधले सोव्हिएत राजदूत डोब्रिनिन तातडीचा संदेश मॉस्कोला कसा पाठवायचे, ठाऊक आहे? मजकूर सांकेतिक भाषेत लिहायचा, मग तार कंपनीचा पोऱ्या सायकलवर येऊन तो घेऊन जायचा. वाटेत कुणा पोरीशी गप्पा मारत उभा राहू नये, एवढीच प्रार्थना हे करत, असं डोब्रिनिननीच लिहून ठेवलंय. सोव्हिएत नेता ख्रुश्चेव्हचं 26 ऑक्टोबरचं लांबलचक पत्र केनेडींच्या हाती पुरतं पडायला जवळपास अर्धा दिवस गेला. शेवटी 28 तारखेला, क्षेपणास्त्रं काढून घेतो हा निरोप ख्रुश्चेव्हने सरळ मॉस्को रेडिओवरून वाचून दाखवायला लावला, कारण रेडिओ तारेपेक्षा लवकर पोचतो. आता त्या सायकलीने केलेलं नुकसान मोजा. उत्तर येईपर्यंत दोन्हीकडच्या लोकांना हातावर हात ठेवून बसावं लागलं, आणि बसल्या बसल्या त्यांच्या मनात नको नको ते विचार आले. 1963 मध्ये हॉटलाइन आली तीसुद्धा लाल टेलिफोन नव्हे, टेलिप्रिंटर. आधी लिहा, वाचा, मग पाठवा! आपल्याकडे दोन्ही देशांच्या लष्करी कारवाई महासंचालकांमध्ये हॉटलाइन आहे. 10 मे ची शस्त्रसंधीही त्या दोघांच्या बोलण्यातूनच ठरली, असं आपलं सरकार सांगतं. दोन गणवेशातली माणसं शांतपणे फोनवर बोलतात, हे दिसायलाही बरं दिसत नाही. तुम्ही एक्सवर लिहा. रात्री अडीच वाजता लिहा.

यंत्रांवर पूर्ण भरवसा ठेवा, माणसांवर अजिबात नको. याबाबतीतली एक हकीकत तर रोज सकाळी वाचून दाखवावी अशी आहे. 25 ऑक्टोबर 1962 च्या मध्यरात्री, क्युबाचं प्रकरण ऐन भरात असताना, मिनेसोटातल्या डुलुथच्या लष्करी केंद्रावर पहारेकऱ्याला कुणीतरी कुंपण चढताना दिसलं. त्याने गोळी झाडली आणि घातपाताचा इशारा दिला. तो आसपासच्या तळांवरही वाजला. विस्कॉन्सिनमधल्या व्होल्क फील्डवर तारांची जोडणी चुकली होती, त्यामुळे तिथे नेमका भलताच भोंगा वाजला: उड्डाण करा. अण्वस्त्रं लावलेली लढाऊ विमानं निघाली. वैमानिकांना बजावलेलं होतं की या दिवसांत सरावाचा भोंगा वाजणार नाही. वाजला तर तो खराच. तेवढ्यात एक मोटार दिव्यांची उघडझाप करत धावपट्टीवर घुसली आणि विमानं थांबली. कुंपणावरचा घातपाती म्हणजे एक अस्वल निघालं. या गोष्टीत पहारेकऱ्याने आपलं काम चोख केलं, भोंग्याने केलं, वैमानिकांनी केलं. आगाऊपणा केला तो एकट्या मोटारवाल्याने. (गाडीवर ही गोष्ट सांगितली तेव्हा कुणीतरी विचारलं, "भिया, पण अस्वलाचं पुढे काय झालं?" अशा प्रश्नांची उत्तरं राष्ट्रीय सुरक्षेच्या कारणास्तव देता येत नाहीत.)

जून 1980 मध्ये अमेरिकेच्या इशारा देणाऱ्या पडद्यांवर चालून येणाऱ्या क्षेपणास्त्रांच्या आकड्यांत शून्याच्या जागी 2 उमटू लागले. बिघाड होता 46 सेंटच्या एका चिपमध्ये. तिथेही माणसं मध्ये पडली आणि म्हणाली, जरा थांबा, ताडून पाहू. 46 सेंटमध्ये जे काम झालं असतं ते होऊ दिलं नाही.

नोकरभरती करताना दोन नमुन्यांपासून विशेष जपा. एक सोव्हिएत नौदलातले अधिकारी वासिली आर्खिपॉव्ह. 27 ऑक्टोबर 1962, बी-59 ही सोव्हिएत पाणबुडी क्युबाजवळ पाण्याखाली, आत चाळीस अंशांच्या वर उकाडा, मॉस्कोशी संपर्क नाही, आणि वरून अमेरिकी जहाजं सरावाचे लहान बॉम्ब टाकताहेत. कप्तानाला वाटलं, वर युद्ध पेटलंच असणार. त्याने अण्वस्त्र असलेला टॉर्पेडो तयार करायला सांगितलं. कप्तानाने कसं, परिस्थिती पाहून तत्काळ निर्णय घेतला. आर्खिपॉव्हने त्याची समजूत काढली आणि पाणबुडी पाण्यावर आली. परत गेल्यावर त्यांची पाठ कुणी थोपटली नाही. उलट शत्रूसमोर वर आलातच कसे, म्हणून बोलणी बसली. योग्यच झालं.

दुसरा नमुना लेफ्टनंट कर्नल स्तानिस्लाव पेत्रॉव्ह. 26 सप्टेंबर 1983, मॉस्कोजवळचं इशारा केंद्र, रात्रपाळी. उपग्रह सांगतो, अमेरिकेतून क्षेपणास्त्र सुटलं. मग आणखी, एकूण पाच. कागदावरचा नियम साधा होता: यंत्राने सांगितलं की वर कळवायचं. हा गृहस्थ डोकं चालवत बसला, की खराच हल्ला असता तर पाचच कशी? शेकड्यांनी आली असती. आणि त्याने वर कळवलं काय, तर यंत्र बिघडलंय. ढगांवरून परावर्तित झालेल्या उन्हाने उपग्रह फसला होता, हे नंतर समजलं. पुढे चौकशीत त्याला फैलावर घेतलं ते नोंदवही न भरल्याबद्दल. एका हातात फोन, दुसऱ्या हातात इंटरकॉम, तिसरा हात आणू कुठून, असं त्याचं म्हणणं. सरकारी नोकरी केलेल्या कुणालाही विचारा, ही सबब चालते का? जग राहिलं, पण रजिस्टर कोरं राहिलं.

आपल्या उपखंडात मात्र पोरकट कागदपत्रांची फार हौस. हल्ला करू नये अशा अणुकेंद्रांच्या याद्या भारत आणि पाकिस्तान 1992 पासून दर 1 जानेवारीला एकमेकांना देतात. भांडण चालू असलं तरी देतात. वर 2005 चा आणखी एक करार, की बॅलिस्टिक क्षेपणास्त्राची चाचणी असेल तर आधी कळवायचं. सुदैवाने त्यात क्रूझ क्षेपणास्त्रं नाहीत. 9 मार्च 2022 ला आपलं एक ब्राह्मोस, ते क्रूझच, देखभाल चालू असताना चुकून सुटलं आणि पाकिस्तानात शंभराहून अधिक किलोमीटर आत, मियां चन्नूजवळ जाऊन पडलं. स्फोटकं नव्हती. आपला खुलासा आला 11 तारखेला. पुढे हवाई दलाचे तीन अधिकारी बडतर्फ झाले. पण त्या दोन दिवसांत पलीकडचे लोक नुसते पाहत बसले! त्यांच्याकडे तुमच्यासारखा एकही माणूस नसावा. तुम्ही असता तर क्षेपणास्त्र पडल्याची धूळ बसायच्या आत हिशेब चुकता झाला असता, आणि खुलासा वाचायला कुणी लागलंच नसतं.

एवढं सगळं सांभाळूनही कधी कधी माघार घ्यावी लागते. तशी वेळ आलीच तर ती लपवायची कशी, यात केनेडी आदर्श आहेत; इथे त्यांना नावं ठेवायला जागाच नाही. 27 ऑक्टोबरच्या संध्याकाळी भाऊ रॉबर्टला त्यांनी डोब्रिनिनकडे धाडलं: तुम्ही क्युबातली काढा, आम्ही काही महिन्यांनी तुर्कस्तानातली आमची ज्युपिटर क्षेपणास्त्रं काढतो, पण याची वाच्यता नको. समितीतल्या बहुतेकांनाही पत्ता नव्हता. एप्रिल 1963 पर्यंत ज्युपिटर गुपचूप उतरली. जगाने पाहिलं ते इतकंच, की ख्रुश्चेव्ह झुकला. दोन वर्षांत त्याची खुर्चीही गेली. हा सौदा झाला होता असं केनेडींचे सहकारी सोरेन्सन यांनी जाहीरपणे कबूल केलं 1989 मध्ये.

पण नुसतं लपवून भागत नाही, भित्रा म्हणून दुसरं कुणीतरी दाखवावं लागतं. संयुक्त राष्ट्रांतले अमेरिकी राजदूत अ‍ॅडलाय स्टीव्हन्सन यांनी समितीत उघडपणे सुचवलं होतं की तुर्कस्तानातला तळ देऊन टाकू आणि हे मिटवू. डिसेंबर 1962 मध्ये 'सॅटर्डे ईव्हनिंग पोस्ट'मध्ये लेख आला, दोन लेखकांपैकी एक केनेडींचा जिवलग मित्र, आणि त्यात स्टीव्हन्सनवर ठपका: याला म्युनिक हवं होतं. जे राष्ट्राध्यक्षांनी गुपचूप केलं तेच स्टीव्हन्सन मोठ्याने बोलले, एवढाच गुन्हा.

तेव्हा असा एक माणूस मंत्रिमंडळात आधीच घेऊन ठेवा. शिकलेला, सभ्य, बोलायच्या आधी चष्मा पुसणारा, आणि अपमान झाला तरी राजीनामा न देणारा. स्टीव्हन्सननी दिला नाही. 1965 मध्ये ते वारले, पदावर असतानाच. सोरेन्सनची कबुली यायला अजून चोवीस वर्षं होती. आता इतकं अचूक टायमिंग साधणारा गृहस्थ मिळणं हे मात्र ज्याच्या त्याच्या नशिबावर आहे.