बादलीजवळचा रखवालदार

मे महिन्यात भाची राहायला आली की आमच्या घरातले आंबे आणि माझी दुपारची झोप, दोन्ही एकदम संपतात. यंदा तर ती एक अख्खं जग घेऊन आली. सात वह्या, दोन नकाशे आणि एका राजघराण्याची वंशावळ. चपलाही न काढता तिने जाहीर केलं, "मामा, तू रखवालदार आहेस."

मला वाटलं, बिल्डिंगचा. आमचा गावी गेलाय आणि त्याचं एक काम, दुपारी पाण्याची मोटार लावायचं, कमिटीने आधीच माझ्या गळ्यात मारलं होतं. पण हे प्रकरण वेगळं होतं. तिच्या जगात आठ पुरातन मनोरे आहेत, एकेका प्रहराला एकेक. ते कोणी बांधले हे कोणालाच सांगता येत नाही. (आमच्या पेठेत मालक कोण हे सांगता न आल्यामुळे पडून राहिलेले वाडे आहेत, त्यामुळे मला हे लगेच पटलं.) प्रत्येक मनोऱ्यात पाण्यावर एक वाटी तरंगते. वाटीच्या बुडाला बारीक भोक. भरून बुडाली की रखवालदाराने टोला द्यायचा, वाटी रिकामी करून पुन्हा सोडायची. त्याला डुलकी लागली तर त्या मुलखातला काळ थांबतो. दूध चुलीवर असतं पण तापत नाही, आणि निघालेले पाहुणे दारातच उभे राहतात.

वाटीची कल्पना दुर्दैवाने माझीच. एकदा जेवताना मी घटिकापात्राबद्दल बोलून गेलो होतो. पूर्वी लग्नाचा मुहूर्त त्यावर धरत. एक घटका म्हणजे २४ मिनिटं, दिवसरात्र मिळून ६० घटका. तिने तेवढ्यात पाटावरच भागाकार केला आणि किंचाळली, "मामा, प्रहराला साडेसात येतात! अर्धी वाटी कशी बुडवायची?"

"लहान वाटी घ्यायची," आई म्हणाली. चाळीस वर्षं आमटी वाढलेल्या बाईला हे कोडं वाटतच नाही.

मग आईने भास्कराचार्यांच्या लेकीची, लीलावतीची आख्यायिका सांगितली. मुहूर्ताची वाटी बघायला ती वाकली, अंगावरच्या दागिन्यातला एक मोती वाटीत पडला, भोक बुजलं, वाटी बुडालीच नाही आणि लग्नघटका टळली. भाची म्हणाली, "भारी!" आणि तिसऱ्या मनोऱ्यावर एक मोती-चोर नेमून मोकळी झाली.

मनोऱ्यांचे नियम पक्के हवेत म्हणून प्रयोग सुरू झाले. आमरसाची स्टीलची वाटी बळी गेली. खिळ्याने भोक पाडलं तर मिनिटभरात तळाशी. मेणाने बुजवून सुईने टोचलं, १९ मिनिटं. आणखी थोडं मेण लावलं, २६. नखाने खरवडलं, २४! तीन दिवस मी मोरीत पाटावर बसून बादलीकडे टक लावून होतो. बरं, बादलीतलं पाणी साठवणीचं होतं, कारण गुरुवारी पाणी येणार नव्हतं. आई दर दहा मिनिटांनी येऊन बघायची, वाटीकडे नाही, पाण्याच्या पातळीकडे.

गच्चीवरचा प्रयोग थोडक्यात सांगतो, कारण तिथे ऊन होतं. टाकीजवळ काठी रोवून सावलीने मध्यान्ह मोजायचा होता. जयपूरचं सम्राट यंत्र सुमारे २७ मीटर उंच आहे आणि सावलीवरून दोन सेकंदांपर्यंत वेळ दाखवतं, असं मी सांगून बसलो होतो. बारा वाजले तरी आमची सावली आखडतच होती. मग सांगावं लागलं की घड्याळाची वेळ ८२.५ अंश रेखांशाची, आपण त्याच्या बरेच पश्चिमेला, म्हणून पुण्याचा सूर्य सरासरी पस्तीसेक मिनिटं मागे चालतो. म्हणजे पुणेकर कधीच उशिरा पोचत नाही, तो स्थानिक सूर्याप्रमाणे येतो. साडेबारा झाले आणि सावली साफ नाहीशी झाली. तारीख १३ मे. या सुमाराला सूर्य पुण्याच्या बरोबर डोक्यावर येतो हे मला ठाऊक होतं, पण डोकं तापल्यामुळे आठवलं नाही. "मामा, तू सावली हरवलीस," एवढंच वहीत नोंदलं गेलं.

आता मोटारीबद्दल. वरची टाकी भरायला साधारण २४ मिनिटं लागतात. भाचीच्या डोळ्यांत चमक आली. "म्हणजे तुमचा मनोरा आहेच की! पाणी चढतं, मग धुणी होतात, भांडी होतात. टाकीच ठरवते सगळं." खोडून काढायला मला काही सापडेना. सकाळी आठला "पाणी जाईल!" अशी एक हाक आली की आमच्या तीनही मजल्यांवर लोक आंघोळीला पळतात, इतका अधिकार घरातल्या कुठल्याच घड्याळाला नाही.

दुसऱ्या दिवशी जेवण झाल्यावर दीड वाजता मोटार लावली, वाटी बादलीत सोडली आणि पाटावर टेकलो. वाटी बुडेल, टपकन आवाज होईल, मी उठेन. पक्की व्यवस्था.

जाग आली ती खालच्या मजल्यावरच्या काकूंच्या आवाजाने. "अहो, टाकी वाहतेय! माझ्या पापडांवर धबधबा पडतोय!" जिन्यातून पाणी पायरी पायरी उतरत होतं. वाटी मात्र बादलीत निवांत तरंगत होती. उचलून उजेडात धरली तर भोकात आंब्याच्या कोयीचा एक केस अडकलेला. त्याच वाटीतून दुपारी कोणीतरी आमरस ओरपला होता. कोणी, ते मिशीवरून कळत होतं.

मी मोटार बंद करून, काकूंचे पापड उचलून, ओला होऊन परत आलो तर भाची लिहीत होती. "चौथ्या मनोऱ्याचा रखवालदार झोपला. काळ ओसंडून वाहिला."

"अगं, पण लीलावतीच्या वेळी मोती होता..."

"शिक्षा आहे, मामा. आठ दिवस, दुपारी एक ते चार, बादलीजवळ जागता पहारा."

"बरं होईल," आई आतून म्हणाली. "आणि वाटी घासून ठेव म्हणावं."