खरा सीएस म्हणजे नॉन-स्टीमच

२०२३ मध्ये काउंटर-स्ट्राइक (सीएस) या बंदुकबाजीच्या ऑनलाइन गेमचा नवा अवतार, काउंटर-स्ट्राइक २ आला, तोही फुकट. कंपनी स्वतःहून फुकट देतेय म्हटल्यावर तुमच्यासारख्या जाणत्या माणसाने ओळखायला हवं, की यात काहीतरी गोम आहे. आपण २००३ चा जुना अवतार, १.६, सोडू नये. तोसुद्धा नॉन-स्टीम, म्हणजे कंपनीच्या स्टीम या अधिकृत दुकानातून विकत घेतलेला नाही, कुणा परक्याने झिप करून कुठेतरी ठेवलेला. मूळ सीएस तरी काय, १९९९ मध्ये दोन हौशी पोरांनी हाफ-लाइफ या दुसऱ्या गेमवर केलेला मॉड, म्हणजे फेरफारच ना? मग अधिकृतपणाचं एवढं सोवळं कशाला?

इन्स्टॉल करताना अँटिव्हायरस बोंबलेल. बोंबलू द्या. सोबतच्या रीडमीत पहिल्याच ओळीत लिहिलेलं असतं, 'आधी अँटिव्हायरस बंद करा'. चोर इतक्या अदबीने सांगतोय की कुत्रं बांधून ठेवा, तर ऐकावं माणसाने.

मग सर्व्हर, म्हणजे ज्या संगणकावर सगळे एकत्र खेळतात तो, निवडा. यादीत ३२ पैकी ३० जण दिसतील, आत गेल्यावर २८ बॉट, म्हणजे संगणकाने चालवलेले खोटे खेळाडू, निघतील. बॉट आईवरून शिव्या देत नाहीत, हे लक्षात घ्या.

आत गेलात की सर्व्हर तुमच्या कॉन्फिगमध्ये, म्हणजे गेमच्या सेटिंगच्या फाइलमध्ये, हळूच चार ओळी घुसडतो. दुसऱ्या दिवशी तुम्ही बंदूक टाकायला 'जी' हे बटण दाबता आणि थेट त्याच्याच सर्व्हरवर जाऊन आदळता. मेनूत त्याची जाहिरात, फेवरिट्समध्ये त्याचाच पत्ता. याला लोक 'स्लोहॅक' म्हणतात. आपण पाहुणचार म्हणू. माझ्या नावापुढे दोन महिने कुठल्याशा सर्व्हरचा पत्ता झळकत होता. मरायचो मी, प्रसिद्धी त्याची. कॉन्फिग फाइल रीड-ओन्ली करून ठेव, असं कुणीतरी सुचवलं होतं. पण आलेल्या पाहुण्याला दार लावायचं?

वॉलहॅकवाल्यांचीही, म्हणजे लबाडीने भिंतीपलीकडचं पाहणाऱ्यांची, चिंता नको. अ‍ॅडमिन त्यांच्यातल्या एकाचा आयपी (नेटवरचा पत्ता) बॅन करतो, तर तो वॉलहॅकवाला राउटर बंद-चालू करून नव्या आयपीवर हजर होतो. त्याचा जुना आयपी फिरत फिरत एखाद्या दिवशी तुम्हाला मिळतो, आणि एकही गोळी न झाडता तुम्ही बॅन.

एवढं करून हवं काय असतं, तर नाक्यावरचा तो सायबर कॅफे. तासाला १५ रुपये, डस्ट टू या नकाशातली बी साइट (बॉम्ब लावायची जागा), बॉम्ब लावलेला, ४५ सेकंदांतले दहाएक उरलेत, आणि काउंटरवरून काका ओरडतात, "सात नंबर, टाइम संपला रे!"

आता खुर्ची घरची, हेडफोन भारीतला, टाइम संपला म्हणून ओरडायला कुणी नाही. समोर २८ बॉट उभे आहेत. खेळा निवांत. फक्त जी दाबू नका.