परदेशातून : क्रोनरचा पगार

हिंदी सिनेमात मराठी नट हवालदार आणि मराठी नटी कामवाली, ही आपली तक्रार जुनी आहे आणि खरीही. स्लोव्हाकियाच्या राजधानीत, ब्रातिस्लाव्हात बसून ती वाचताना इथला नट योझेफ क्रोनर आठवतो. स्लोव्हाक भाषेच्या शेजारीही चेक नावाची थोरली जाऊ आहेच. तरी 1965 चा 'ओब्खोद ना कोर्झे' (म्हणजे हमरस्त्यावरचं दुकान) हा सिनेमा चेकांच्या प्रागमधल्या बारांदोव्ह स्टुडिओनं काढला तो स्लोव्हाकमध्ये. परभाषी चित्रपटाचं ऑस्कर चेक-स्लोव्हाकांच्या तेव्हाच्या एकत्र देशाला, चेकोस्लोव्हाकियाला पहिल्यांदा मिळालं ते यालाच.

क्रोनर त्यात टोनो बर्त्को नावाचा सुतार झालाय. साल 1942. ज्यूंची दुकानं काढून घेऊन वाटली जाताहेत, त्यातलं एक बटणांचं दुकान टोनोच्या नावावर होतं. मालकीण म्हातारी, कानानं अधू. हा मालकी सांगायला येतो, तिला वाटतं हाताखाली माणूस आला. शेवटी चौकात ज्यूंना गोळा करतात, तेव्हा प्यायलेला टोनो घटकेत तिला लपवायला बघतो, घटकेत बाहेर काढायला. तिथे क्रोनरकडे नीट पाहा. ओरडतो तो तिच्यावर, घाबरलेला असतो काचेपलीकडच्या चौकाला. ना नायक, ना खलनायक. खलनायकीत अडकलेल्या निळू फुल्यांना 'सिंहासन'मध्ये दिगू टिपणीस मिळाला, तशी ही भूमिका.

पण अशा भूमिकेची वाट पाहायला चूल पेटती लागते. क्रोनर 1948 पासून मार्टिन नावाच्या शहरातल्या नाट्यगृहात होता, 1956 पासून ब्रातिस्लाव्हाच्या राष्ट्रीय नाट्यगृहात. इथल्या अशा नाट्यगृहांची स्वतःची नटमंडळी असते, महिना पगारावर. आज एक नाटक, उद्या दुसरं; एकात राजा झालेला दुसऱ्यात दोन वाक्यांचा नोकर होतो, आणि त्यात कुणाचं नाक कापलं जात नाही. आपल्याकडे नटाला मिळते ती नाइट, म्हणजे त्या प्रयोगापुरते पैसे. प्रयोग रद्द झाला की नाइट गेली. म्हणून मग मालिका, म्हणून तो हवालदार.

पगार सरकारी, तेव्हा सरकारची नजरही आलीच. 'ओब्खोद'च्या दोन दिग्दर्शकांपैकी यान कादार 1968 मध्ये सोव्हिएत फौजा देशात घुसल्यावर अमेरिकेला गेला. क्रोनर राहिला, आणि 1976 मध्ये 'पाखो, हिब्स्की झ्बोयनीक' या विनोदी सिनेमात दरोडेखोर झाला. (ऑस्करविजेत्या सिनेमाच्या नायकानं असली कामं करावीत का, हा प्रश्न आपल्याकडे नक्की पडला असता.)

आपल्या महापालिकांची नाट्यगृहं तारखा वाटतात, नट ठेवत नाहीत. एखाद्या महापालिकेनं दहा-बारा नट पगारावर ठेवून पाहायला काय हरकत आहे?