स्टुडिओ सोडून वर्गात आलेले सर

अ‍ॅनिमेशन आणि व्हीएफएक्सची (संगणकावर तयार होणाऱ्या दृश्य-करामतींची) स्टुडिओतली नोकरी सोडून पुण्यात शिकवायला लागलेल्या सरांवरचा तुमचा लेख मनापासून आवडला. त्यांच्या सिनेमांबद्दल भरपूर लिहिलंत, शिकवण्याबद्दल मात्र दोनच ओळी. खरं मोल तिथेच आहे.

माझी मुलगी अशाच एका सरांकडे रोटो शिकली, म्हणजे शॉटमधल्या माणसाभोवती एकेका चित्रात (फ्रेममध्ये) रेघ आखून त्याला मागच्या दृश्यापासून वेगळं करणं. सॉफ्टवेअरची बटणं काय, कुठलाही व्हिडिओ दाखवतो. पण चालणाऱ्या माणसाभोवती सलग एकच रेघ ओढायची नाही; डोकं, दंड, कोपरापुढचा हात, मांडी यांचे आकार वेगळे करायचे आणि हालचाल जिथे वळते तिथे आधी की-फ्रेम द्यायची (त्या फ्रेममध्ये आकार स्वतः हाताने पक्का करायचा), हे शेजारी बसून दाखवणारं माणूस लागतं. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे ५ सेकंदांच्या शॉटला १२०. त्यात कड जराशी थरथरली तरी डोळ्यांना खुपते. सर शॉट थांबवून विचारायचे, "आत्ता वजन कुठल्या पायावर आहे?" उत्तर आलं नाही, तर माउस बाजूला आणि आधी कागदावर पेन्सिलने रेखाटन!

पुण्याला ही विद्या नवी नाही. प्रभात फिल्म कंपनीच्या मंडळींनी १९३६च्या 'संत तुकाराम'मध्ये संगणकाशिवाय तुकोबांना वैकुंठाला नेलं; त्याच स्टुडिओच्या आवारात आज एफटीआयआय ही चित्रपटाचं शिक्षण देणारी संस्था आहे.

लेखात एक गोष्ट राहिली. अशी अनुभवी माणसं तासावारी मानधनावर किती वर्षं टिकणार? लाखांत फी घेणाऱ्या संस्थांना हे विचाराच, आणि त्यांची उत्तरंही छापा.