बकी डेंटने तो सामना जिंकून दिला नाही

ऑक्टोबर उजाडला की बेसबॉलवाल्यांच्या गप्पांत एक गोष्ट हमखास निघते. १९७८ साली बॉस्टन रेड सॉक्सने न्यू यॉर्क यांकीजवरची तब्बल चौदा सामन्यांची आघाडी घालवली. दोघे बरोबरीत आले. मग २ ऑक्टोबरला बॉस्टनच्याच फेनवे पार्कवर एकच निर्णायक सामना झाला. त्यात यांकीजच्या बकी डेंट नावाच्या एका लिंबूटिंबू फलंदाजाने डावीकडच्या उंच भिंतीवरून एक पोचट चेंडू पलीकडे घालवला आणि खेळ खलास. बॉस्टनची टरकली, त्यांचा पिचर, म्हणजे गोलंदाज, माइक टॉरेझने माती केली, आणि उरलंसुरलं बॉस्टनने यांकीजना विकलेल्या बेब रूथच्या शापाने पूर्ण केलं.

गोष्ट फर्मास आहे, फक्त धावफलकाशी तिचं जमत नाही.

माझा कल आधीच सांगून टाकतो, मी रेड सॉक्सवाला. त्या डेंटचं नाव बॉस्टनमध्ये मध्ये एक शिवी घातल्याशिवाय घेत नाहीत आणि तो रिवाज मीही पाळतो. पण राग काढायचा तर निदान योग्य माणसावर काढावा.

सुरुवात त्या फटक्यापासूनच करू. सामना यांकीजने ५-४ असा जिंकला. डेंटचा होमरन (चेंडू थेट मैदानाबाहेर) नऊपैकी सातव्या इनिंगमधला. क्रिस चॅम्ब्लिस आणि रॉय व्हाइट बेसवर, म्हणजे धावेच्या वाटेवरच्या थांब्यांवर, होते, त्यामुळे तीन धावा आल्या आणि २-० अशी पुढे असलेली बॉस्टन २-३ अशी मागे पडली. इथपर्यंत गोष्ट बरोबर आहे. पण बॉस्टनने त्या दिवशी एकूण चार धावा काढल्या. म्हणजे यांकीजच्या खात्यात डेंटच्या तीनच धावा असत्या, तर तो सामना बॉस्टनचा होता. उरलेल्या दोन कुठून आल्या? डेंटच्या पाठोपाठ मिकी रिव्हर्सला वॉक (चार चुकार चेंडूंबद्दल फुकटचा पहिला बेस) मिळाला, त्याने दुसरा बेस चोरला (फटका नसताना पळून गाठला) आणि थर्मन मन्सनच्या डबलवर, म्हणजे दोन बेसच्या फटक्यावर, तो घरी येऊन धाव पुरी झाली. आठव्या इनिंगमध्ये रेजी जॅक्सनने बॉस्टनच्या बॉब स्टॅनलीचा चेंडू सेंटर फील्डच्या प्रेक्षकांत धाडला. शेवटी फरक पडला तो एका धावेचा. पण जॅक्सनने ऑक्टोबरमध्ये होमरन मारणं ही बातमीच नव्हे. मोसमभरात पाच होमरन मारणाऱ्याने मारला, ही बातमी. म्हणून लक्षात डेंट राहिला.

‘तो फटका दुसऱ्या कुठल्याही मैदानात साधा झेल होता.’

कुठल्याही नसेल, पण बऱ्याच मैदानांत होता, मान्य. फेनवेची ती हिरवी भिंत सदतीस फूट उंच आहे, पण फलंदाजापासून फार जवळ. डाव्या रेषेवर तेव्हा ३१५ फुटांची पाटी होती. उंच लोंबणारा चेंडू ती पलीकडे जाऊ देते आणि सपाट सणसणीत फटका अडवून त्याचा डबल करून टाकते. हा सौदा बॉस्टनचे खेळाडू वर्षातून ८१ वेळा करत होते. जिम राइसने त्या मोसमात ४६ होमरन मारले. त्यांतले घरचे होमरन भिंतीच्या कृपेने गेले म्हणून कोणी वगळले का? वर हा सामना फेनवेवर झाला तोही बॉस्टनने आधीच नाणेफेक जिंकली होती म्हणून. घरचं मैदान मागून घ्यायचं आणि घरच्या भिंतीबद्दल रडायचं, हे काही शोभत नाही.

आणखी एक गंमत. बॉस्टनची पहिली धाव कशी आली? दुसऱ्या इनिंगमध्ये कार्ल यास्त्रेमस्कीने यांकीजचा पिचर रॉन गिड्रीला होमरन मारला. तो उजव्या कोपऱ्यात, फाउल पोलला (हद्दीच्या खांबाला) जवळजवळ घासून गेला. त्या पोलपाशी पाटी आहे ३०२ फुटांची! डेंटचा होमरन पोचट असेल तर यास्त्रेमस्कीचाही पोचट म्हणा. मी दोन्ही धरतो.

‘डेंटला बॅटच धरता येत नव्हती.’ मोसमातली सरासरी .२४३ (हजार संधींत २४३ यशस्वी फटके), तेव्हा फलंदाज म्हणून तो सामान्यच. पण तो शॉर्टस्टॉप, आणि शॉर्टस्टॉपला (दुसऱ्या-तिसऱ्या बेसमधल्या खेळाडूला) संघात घेतात ते आधी क्षेत्ररक्षणासाठी. आणि या सामन्यानंतर दोन आठवड्यांत याच डेंटने डॉजर्सविरुद्धच्या वर्ल्ड सिरीजमध्ये (मोसमाच्या अंतिम मालिकेत) .४१७ च्या सरासरीने मारून मालिकावीराचा मान घेतला. तो सातव्या इनिंगमध्ये फलंदाजीला उभा राहिला हीसुद्धा यांकीजचा मॅनेजर बॉब लेमनची काही थोर चाल नव्हती. दुसऱ्या बेसवरचा नेहमीचा खेळाडू विली रँडॉल्फ जखमी होता. त्याच्या जागी खेळणाऱ्या ब्रायन डॉयलसाठी लेमनने जिम स्पेन्सरला बदली फलंदाज म्हणून आधीच पाठवलं होतं. आता डेंटलाही काढायचं तर पुढच्या इनिंगमध्ये मधलं मैदान सांभाळणार कोण? माणूसच उरला नव्हता, म्हणून डेंट. त्याने आधी एक चेंडू स्वतःच्याच पायावर मारून घेतला. उपचार होईपर्यंत खेळ थांबला. त्या वेळात रिव्हर्सच्या लक्षात आलं की डेंटच्या बॅटला चीर आहे, आणि त्याने दुसरी बॅट पाठवली. टॉरेझने मात्र त्या मधल्या वेळात हात गरम ठेवायला एकही चेंडू टाकला नाही.

पण तेवढ्यावरून टॉरेझला गुन्हेगार ठरवणं मला पटत नाही. शारजात १९८६ साली मियाँदादने शेवटच्या चेंडूवर षटकार मारला आणि चेतन शर्मा जन्मभराचा अपराधी झाला. मियाँदाद तोवर शंभरीपार होता आणि त्या धावा त्याला साऱ्या संघाने दिल्या होत्या, हे कोणी बोलत नाही. टॉरेझचं तेच झालं. सहा इनिंगमध्ये त्याने यांकीजला फक्त दोन हिट (बेस गाठून देणारे फटके) दिल्या होत्या, धाव एकही नाही. तेही समोर गिड्री असताना, जो त्या वर्षी २४ जिंकून फक्त ३ सामने हरला होता. टॉरेझ आदल्या वर्षी याच यांकीजसाठी वर्ल्ड सिरीजचे दोन सामने जिंकून आला होता, म्हणून ‘फितुरी’ची फोडणीही गोष्टीला मिळते. तिच्यात काही दम नाही. उलट बोट दाखवायचंच असेल तर बॉस्टनचा मॅनेजर डॉन झिमरच्या एका निर्णयाकडे दाखवता येईल. टॉरेझने मन्सनला त्या दिवशी तीनदा स्ट्राइकआउट (चेंडू मैदानात जाऊ न देता बाद) केलं होतं. चौथ्यांदा मन्सन आला तेव्हा झिमरने टॉरेझला काढून स्टॅनलीला आणलं, आणि मन्सनने डबल मारला. अर्थात नुकताच होमरन खाऊन वर वॉक दिलेल्या पिचरला काढणं हे कुठलाही मॅनेजर करतो. (नियतीने झिमरचा पुरता सूड घेतला. पुढे १९८३ मध्ये तो यांकीजकडेच कोच म्हणून गेला आणि न्यू जर्सीत त्याने भाड्याने घेतलेलं घर निघालं बकी डेंटचं! भिंतीवर त्याच फटक्याचे फोटो. ते त्याने म्हणे उलटे करून ठेवले.)

‘चौदा सामन्यांची आघाडी होती, बॉस्टनची टरकली.’

१९ जुलैला आकडे असे होते: बॉस्टन ६२ विजय, २८ पराभव, यांकीज ४८ आणि ४२. मोसम संपला तेव्हा दोघेही ९९-६३. म्हणजे त्या दिवसानंतर बॉस्टन ३७-३५ खेळली. वाईट, पण बुडण्याइतकं नाही. यांकीज खेळले ५१-२१. कुठलाही संघ दोन-अडीच महिने असा खेळला तर पुढच्याला धाप लागणारच. शिवाय मधल्या काळात बॉस्टनची अर्धी टीम बँडेजमध्ये होती. रिक बर्लसनचा घोटा गेला, ड्वाइट एव्हान्सच्या डोक्याला चेंडू लागला आणि त्याला भोवळ यायची, बुच हॉबसनच्या कोपरात हाडाचे तुकडे सुटले होते. हॉबसनने त्या मोसमात तिसऱ्या बेसवर ४३ चुका केल्या, त्या त्या कोपराच्या.

सप्टेंबरातली ती चार दिवसांची कत्तल मात्र कुणालाच झाकता येणार नाही. ७ ते १० तारखेला यांकीज फेनवेवर आले आणि १५-३, १३-२, ७-०, ७-४ असे चारही सामने जिंकून गेले. बेरीज ४२-९. आघाडी तिथेच संपली. पण गोष्ट सांगणारे इथून थेट २ ऑक्टोबरवर उडी मारतात आणि मधले दिवस गाळतात. त्यानंतर बॉस्टन साडेतीन सामन्यांनी मागे पडली होती. तिथून तिने शेवटच्या चौदांपैकी बारा सामने जिंकले, त्यांत शेवटचे सलग आठ. १ ऑक्टोबरला लुइस टियांटने टोरांटोला ५-० असं नमवलं आणि तिकडे क्लीव्हलंडने यांकीजना ९-२ धुतलं, तेव्हा कुठे बरोबरी झाली. टरकलेली माणसं असं खेळत नाहीत.

आता मूळ मुद्दा. सगळ्यांचं लक्ष डावीकडच्या भिंतीवर असतं. माझं म्हणणं, सामना उजवीकडे गेला. दोनदा. दोन्ही वेळा तिथे यांकीजचा लू पिनिएला उभा होता.

पहिल्यांदा सहाव्या इनिंगमध्ये, म्हणजे डेंटच्या आधी. राइसच्या हिटवर बॉस्टन नुकतीच २-० झाली होती. कार्लटन फिस्कला मुद्दाम वॉक दिला होता, दोन बाद (तिसऱ्याला इनिंग संपते), दोघे बेसवर, आणि समोर डावखुरा फ्रेड लिन. गिड्री तीनच दिवसांच्या विश्रांतीवर खेळत होता. त्याचा स्लायडर (वळणारा चेंडू) रोजच्यापेक्षा मंदावलाय, लिन तो उजव्या बाजूला ओढणार, असा हिशेब करून पिनिएला आपली जागा सोडून रेषेकडे सरकून उभा राहिला होता. लिनने चेंडू नेमका तिकडेच सणकावला. पिनिएला धावत कोपऱ्यात पोचला आणि झेल घेतला. नेहमीच्या जागी असता तर चेंडू कोपऱ्यात घरंगळला असता, दोन्ही धावपटू घरी आले असते आणि स्कोअर ४-० झाला असता. मग डेंटच्या तीन धावांची नोंद वर्तमानपत्रात खालच्या ओळीत झाली असती.

दुसऱ्यांदा नवव्यात. आठव्या इनिंगमध्ये बॉस्टनने यांकीजचा पिचर रिच गॉसेजला फोडून ५-२ चं ५-४ केलं होतं. एक बाद असताना बर्लसनला वॉक मिळाला. जेरी रेमीने उजवीकडे सरळ फटका मारला. ऑक्टोबरची दुपार, सूर्य उतरलेला, आणि फेनवेच्या राइट फील्डला त्या वेळी ऊन थेट डोळ्यांत. पिनिएलाला चेंडू दिसलाच नाही. पण त्याने हात वर करून गोंधळ दाखवला नाही, जणू झेल घेणारच अशा थाटात उभा राहिला. चेंडू पुढे टप्पा पडून उसळला तेव्हा त्याने अंदाजाने ग्लव्ह बाजूला फेकला आणि तो त्यात अडकला. नसता अडकला तर मागे मोकळं मैदान होतं, बर्लसन तर आलाच असता, रेमीही कदाचित. प्रत्यक्षात बर्लसन झेल होतोय की काय म्हणून थबकला आणि दुसऱ्या बेसवरच थांबला (झेल झाला की धावपटूला आधी आपल्या बेसवर परतावं लागतं, मगच पुढे पळता येतं). पुढच्याच खेळीत राइसने उजवीकडे खोल झेल दिला. बर्लसन तिसऱ्या बेसवर असता तर त्यावर आरामात घरी येऊन बरोबरी झाली असती. तो दुसऱ्यावरून फक्त तिसऱ्यावर पोचला. मग यास्त्रेमस्कीचा चेंडू तिसऱ्या बेसजवळ फाउल बाजूला उंच उडाला, ग्रेग नेटल्सने तो टिपला आणि संपलं.

डेंटच्या तीन धावा फलकावर दिसतात. पिनिएलाने वाचवलेल्या धावांसाठी फलकावर रकानाच नसतो.

शापाबद्दल फार बोलायची गरज नाही. रूथला विकल्याचं जाहीर झालं १९२० च्या आरंभी, खरं आहे. पण ‘शाप’ हा शब्द लोकांच्या तोंडी रुळला तो १९८६ ची वर्ल्ड सिरीज हरल्यानंतर. १९७८ च्या पराभवावर तो मागाहून चिकटवलाय. १९४८ मध्येही अमेरिकन लीगचा असाच एक सामना फेनवेवर झाला होता आणि बॉस्टन क्लीव्हलंडकडून ८-३ हरली होती. त्याला कोणी शापाचं नाव दिलं नव्हतं, हरलो म्हणाले.

राहता राहिला एक आक्षेप, जो माझ्या बाजूचे लोक घेतात: बर्लसनने घाबरून थांबायला नको होतं, बिनधास्त तिसऱ्याकडे धावायला हवं होतं. चेंडू ग्लव्हमध्ये आहे हे आज आपल्याला माहीत आहे. त्याला त्या क्षणी झेल आणि टप्पा यांतलं काहीच कळत नव्हतं. झेल झाला असता आणि तो पुढे गेलेला असता, तर परत येईपर्यंत बाद होऊन सामना तिथेच संपला असता. बिनधास्त धावण्याचं काय होतं ते याच मैदानात ५ ऑक्टोबर २०२१ ला दिसलं. तेच दोन संघ, दोघेही ९२-७०, पुन्हा एकच सामना, हरणारा घरी. सहाव्या इनिंगमध्ये बॉस्टन ३-१ पुढे असताना यांकीजच्या स्टँटनचा फटका त्याच डाव्या भिंतीवर आदळला आणि पहिल्या बेसवरच्या अॅरन जजला कोचने थेट घरापर्यंत पळवलं. बॉस्टनच्या झँडर बोगार्ट्सने मध्ये चेंडू घेऊन कॅचरकडे फेकला आणि जज घराच्या दारात बाद झाला. बॉस्टन ६-२ जिंकली. त्या सामन्याबद्दल कुणाला विचारलं की उत्तर येतं, बोगार्ट्सचा पहिल्या इनिंगमधला होमरन. तो थ्रो मलाच आठवण करून द्यावा लागतो.